पडद्यावर पडणाऱ्या भावास

॥ श्री भैरवनाथ प्रसन्न ॥

मु. भैरोबाची वाडी, पो. काष्टी,
ता. श्रीगोंदा, जि. अहमदनगर.
फाल्गुन वद्य पंचमी, शके १८९२ (इंग्रजी साल एकाहत्तर)

चिरंजीव कानिफनाथ यास थोरला भाऊ मच्छिंद्र याचे अनेक आशीर्वाद. इकडे आम्ही सगळे धडधाकट आहोत. तिकडे तू कसा आहेस हे एका शब्दात विचारायची सोय तुझ्या धंद्यानं ठेवलेली नाही, म्हणून सुटं सुटं विचारतो. दिवाळीत मोडलेलं गळ्याजवळचं हाड सांधलं का? डावा गुडघा जिना चढताना अजून कुरकुरतो का? मागल्या साली काचेतून उडी मारलीस तेव्हा कानामागं राहिलेला तुकडा निघाला, की आता तो तुझाच झाला? सर्व हाडांची खुशाली सवडीनं कळवावी. हे पत्र मी माझ्या हातानं लिहीत आहे. शाळा मी बाहेरूनच पाहिली हे तुला ठाऊक आहे, पण एस.टी.च्या पाट्या, खताच्या गोण्या आणि देवळातली पोथी यांनी मला अक्षर दिलं. तेव्हा कुठं शब्द उगाच थोर लागला तर तो पोथीचा समज, आणि ओळ वेडीवाकडी गेली तर ती एस.टी.ची.

तुझं पत्र चार महिन्यांत आलं नाही, पण तू मात्र आलास. निवडणुकीचा धुरळा बसतो न बसतो तोच काष्टीच्या बाजारतळावर सिनेमाचा तंबू लागला. (सिनेमाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. त्या नावात तुझा काही वाटा नाही.) बाहेर भलंथोरलं चित्र लावलं होतं. त्यात बंदूकवाला हिरो, त्याला बिलगलेली हिरोईन, मागं आग लागलेला डोंगर. तू कुठंच नाहीस. मी म्हटलं चला, बरं झालं, जेवायच्या वेळेला घरी पोचू. पण आपल्या वाडीचा छगन शिंपी, ज्याला गिऱ्हाइकाच्या सदऱ्याचं माप लक्षात राहत नाही, तो चित्राच्या खालच्या कोपऱ्याकडं गेला. तिथं धुरातून एक पाय वर आलेला होता. नुसता पाय. छगननं त्याच्यावर बोट ठेवलं आणि म्हणाला, "ह्यो आपल्या कानिफचा. करंगळी बाहीर पळती बघा." झालं. सगळ्या वाडीनं त्या पायाचं दर्शन घेतलं आणि मग तंबूत शिरली. एका माणसानं हळूच पायाला हातही लावला. त्याचं नाव लिहीत नाही, कारण तो माझ्याकडून बी-बियाणं नेतो.

तंबूच्या मालकाला कुणीतरी सांगितलं की पायवाल्याच्या घरची माणसं आली आहेत. लगेच लोखंडी खुर्ची आली. एकच आली. मालक तुझ्या वहिनीला हात जोडून म्हणाला, "कानिफरावांच्या वहिनी का तुम्ही? बसा, बसा." मी कोण, हे त्यानं विचारलं नाही आणि लंकाबाईनं सांगितलं नाही. ती खुर्चीत बसली, पदर सावरला आणि मला म्हणाली, "तुमी म्होरं बसा खाली, म्हंजी मला नीट दिसंल." बत्तीस वर्षांचा संसार, कानिफ. मी तिच्या पायाशी वाळूत बसून तुझा सिनेमा पाहिला.

आता सिनेमाबद्दल. पहिल्यांदा तू डाकू होतास आणि घोड्यावरून पडलास. मग बिनमिशीचा डाकू झालास आणि माडीवरून पडलास. मध्यंतरानंतर तू पोलीस झालास (ही बढती म्हणायची की काय ते तुमच्या लायनीत कसं धरतात ठाऊक नाही) आणि तुला कुणी न मारताही विहिरीत पडलास. छगन मागं बसून मोठ्यानं मोजत होता. त्याच्या हिशेबानं तू सात वेळा मेलास आणि एकदा अर्धवट. दर वेळेला वाडी शिट्ट्या मारायची. एवढ्या शिट्ट्या तर मी श्रीगोंद्याच्या फडात दोन गडी लागोपाठ चितपट केले तेव्हाही पडल्या नव्हत्या. तेव्हा लोकांनी नुसते फेटे उडवले होते, आणि ते परत गोळा करून घेतले होते. तुझं काय, तर तू पडलास. आमच्या काळात पडणाऱ्याला कुणी विचारत नसे, हे मला फक्त नोंदवून ठेवायचं आहे.

तुझी वहिनी मात्र शिट्टीला दचकत होती. तिला सगळं कळतं. तू मुंबईत जिवंत आहेस, हा खेळ आहे, खाली गाद्या आणि रिकामी खोकी असतात, हे मी तिला तू सांगितल्याप्रमाणे समजावून दिलेलं आहे. पण तिचं म्हणणं असं की एवढ्या माणसांनी रोज डोळे फाडून एका माणसाकडं बघायचं म्हणजे दृष्ट लागल्यावाचून राहील का. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा निघाली. लुगड्याच्या ओच्यात मीठ, मोहऱ्या आणि सुक्या मिरच्या, आणि माझ्या हातात निखाऱ्यांचं घमेलं. मी म्हटलं, अगं, माणूस मुंबईला, दृष्ट काष्टीला काढून पोचंल का? ती म्हणाली, "बघत्यात कुठं? हितं बघत्यात ना? मग जिथं लागली तिथंच काढायची." मी निखारे फुंकत मागं चाललो. तू घोड्यावर बसलास तशी ती उठली आणि थेट पडद्यापुढं गेली, मागून मी घमेलं घेऊन. मुठी ओवाळल्या, निखाऱ्यावर टाकल्या. कानिफ, तंबू हा चारी बाजूंनी बंद असतो. तीनशे माणसं एकदम खोकायला लागली. मालकानं घाबरून मशीन थांबवलं, आणि मशीन थांबलं तर पडद्यावर कोण? तू पडून खाली गेलेला आणि हिरो तोंड उघडून उभा. लंकाबाईनं उरलेल्या दोन मुठी त्याच्याच तोंडावरून उतरवल्या. म्हणजे दृष्ट निघाली ती त्याची. त्याचा पुढचा सिनेमा जोरात चालला तर निम्मं श्रेय या घराचं आहे, असं त्याच्या कानावर घालावं.

मला वाटलं मालक आता हाकलून देणार. तर तो धूर्त निघाला. तिसऱ्या दिवशी त्यानं बाजारात कर्णा फिरवला, की आजच्या खेळात कानिफरावांच्या वहिनी स्वतः येऊन दृष्ट काढतील. राहात्याकडून गुरं घेऊन आलेले व्यापारीसुद्धा गुरं बांधून आत आले. वहिनीच्या नावाचा कर्णा फिरला, तुझ्या नावाचा फिरला, घमेलं कोण धरतो याचा मात्र कर्ण्यात उल्लेख नव्हता. माझ्या हाताला दोन फोड आले आहेत.

तुला वाटेल, अण्णाला हेवा वाटतो. तसं समजू नकोस. घरात तुळशीला पाणी घालताना मी स्वतःला विचारून पाहिलं आणि वाटतच नाही असं उत्तर मिळालं. दुपारी पुन्हा विचारलं तेव्हा मात्र थोडा वाटतो असं आलं. सांजच्याला मी विचारलंच नाही. पण न्यायाची गोष्ट न्यायानं बोलली पाहिजे. तू घोड्यांना चारापाणी करायला म्हणून कोल्हापूरच्या स्टुडिओत गेलास आणि घोड्यावरून पडायला म्हणून मुंबईत राहिलास. पण पडायला तुला शिकवलं कुणी? विहिरीवर मोटेचे बैल उतरतात त्या धावेवर, तू आठ वर्षांचा, मी बावीस-तेविसाचा. हनुवटी छातीला लाव, हात टेकू नको, खांदा पुढं दे आणि जमीन आपली मावशी आहे असं समजून तिच्या कुशीत लोळ, हे वाक्य कुणाचं? पहिल्या दिवशी तू रडत घरी गेलास आणि आईनं मला दोन दिल्या. त्या दोन मी आजवर कुणाला सांगितल्या नाहीत. सिनेमाच्या सुरुवातीला शंभर नावं येतात, शिंप्याचं, सुताराचं, चहावाल्याचं सुद्धा असेल. त्यात 'पडण्याचे गुरू: मच्छिंद्र अण्णा, भैरोबाची वाडी' एवढी एक ओळ बसली नसती का? (तुझंच नाव आलं नाही हे मला छगननं नंतर सांगितलं. पण तो तुझा प्रश्न आहे.)

हेच मी छगनच्या दुकानात चार माणसांत बोलून बसलो. चूक तिथं झाली. छगन सुईत दोरा ओवता ओवता म्हणाला, "मंग येकदा पडून दावा की, अण्णा. आमी काय तुमाला न्हाई म्हनतोय व्हय?" आता तू सांग, अशा वेळी घराण्यातला माणूस काय करील? मी तिथल्या तिथं बैलगाडी काढली. ठरलं असं की वाडीच्या रस्त्यानं मी उभ्यानं गाडी भरधाव आणायची, छगननं बाभळीआडून बोटाची बंदूक करून ठो म्हणायचं आणि मी गोळी लागल्यासारखा उजवीकडं पडायचं. दुतर्फा माणसं उभी राहिली. लंकाबाई पिठाची परात तशीच हातात घेऊन दारात आली. मी फेटा घट्ट केला, कासरा सैल सोडला, बैल उधळले. वारा कानात शिरला आणि खरं सांगतो, त्या घडीला मला तुझा धंदा कळला. माणसाला कशाची आठवण राहत नाही. वय तर मुळीच नाही.

छगन ठो म्हणाला. मी कासरा टाकला. आणि इथं सगळा घोटाळा झाला, कारण सिनेमातली जनावरं आणि घरची जनावरं यांत फरक असतो. आपल्या हरण्या-चिमण्याला मी नऊ वर्षं एकच शिस्त लावली आहे, की कासरा सुटला म्हणजे धनी उतरतोय, जागेवर उभं राहायचं. ते उभे राहिले. एका पावलात. गाडी थांबली, मी थांबलो नाही. उजवीकडं पडायचं ठरलेलं होतं, मी समोर गेलो. दोन बैलांच्या मधून, जुवावरून, रस्त्यावर बसल्यासारखा पडलो. हनुवटी छातीला लावायला सवडच झाली नाही आणि त्या जागी मावशी बिवशी कुणी नव्हती, नुसती खडी होती. चिमण्यानं मान वाकवून माझ्याकडं बघितलं आणि माझा फेटा हुंगला. आता तुझ्यामाझ्यातला फरक ऐक. तू पडलास की माणसं शिट्टी मारतात. मी पडलो तर माणसं पाणी घेऊन धावली. एकानं कांदा आणला. छगन म्हणाला, "अण्णा, हलू नगा." मी म्हटलं, मला काहीही झालेलं नाही, असंच पडायचं होतं. आणि उठून, चिमण्याच्या पाठीवर हात ठेवून, सावकाश घरी आलो. काहीही झालेलं नाही हे तुलाही कळवतो.

आता खऱ्या मुद्द्यावर येतो, ज्यासाठी एवढा कागद खर्ची घातला. परवा देवळात यात्रा कमिटीची बैठक झाली. चैत्री पौर्णिमेला यात्रा आहे हे तुला माहीतच आहे, पण पंधरा वर्षं तुला यात्रेला यायला सवड झाली नाही म्हणून पुन्हा सांगतो. बारा बैलगाड्या एकामागं एक दोरानं जोडायच्या, बैल एकही नाही, प्रत्येक गाडी माणसांनी खच्चून भरायची आणि अंगभर हळद लावलेल्या एका मानकऱ्यानं कमरेच्या शेल्याला दोर बांधून वेशीपासून देवळापर्यंत त्या ओढायच्या. हा मान आपल्या घराण्याचा. आज्यानं ओढल्या, बापानं ओढल्या आणि बापानंतर बावीस वर्षं मी. वर्षाचे तीनशे चौसष्ट दिवस मी वाडीतला एक म्हातारा होत चाललेला माणूस असतो, ज्याच्यापुढं छगनसुद्धा चेष्टा करतो. त्या एका दिवशी मात्र श्रीमंत तात्यासारखा कमिटीचा अध्यक्ष माझ्या पाया पडतो. तेवढ्यावर मी बाकीचे दिवस काढतो. हे मी कुणाला कधी बोललो नाही, तुला लिहितो.

तर श्रीमंत तात्या घसा खाकरून म्हणाला, "यंदा आपन कानिफला बलवू. मान घरान्यातच ऱ्हातोय, आन चार गावची मानसं बी जमतील." सगळ्यांच्या माना हलल्या. जणू आधी घरी सराव करून आले होते. मी म्हटलं, आणि मी? तर छगन, तोच तो, फार मायेनं म्हणाला, "अण्णा, लई वर्सं वढल्या तुमी. आता गाडीत बसा की निवांत." कानिफ, मला जन्मात पुष्कळ बोलणी खावी लागली. सासऱ्यानं बोललेलं पचवलं, पेढीवाल्यानं बोललेलं पचवलं. पण त्या 'निवांत'वर माझं डोकं फिरलं. मी उठून चालू लागलो. (उठताना खांब धरला तो रागानं धरला.) तात्या तुला आमंत्रणाचं पत्र पाठवणार आहे. चार दिवसांत पोचेल, त्याचं अक्षर मोठं आणि रिकामं असतं.

म्हणून तुला आधीच लिहितो. तू येऊ नयेस. यात माझा काही स्वार्थ नाही, तुझ्याच भल्याचं सांगतो. एकतर मानकऱ्याला नऊ दिवस अनवाणी, एक वेळ जेवण आणि घोंगडीवर झोप. तुझं तिकडचं खाणंपिणं काय आहे ते मी विचारत नाही, तूही सांगू नकोस. दुसरं, हळद उन्हात अंगाला चावते. तिसरं, तुमच्या सिनेमातली शिळा कागदाची असते असं छगननं वाचलंय. आमच्या गाड्या बाभळीच्या आहेत आणि सातव्या गाडीत कडूबाई बसते. तिला तू पाहिलेली आहेस, त्यानंतर ती वाढली आहे. चौथं, भैरोबापुढं रीटेक नाही. दोर ताणला आणि गाडी हलली नाही तर पुन्हा घ्या म्हणायला तिथं कुणी डायरेक्टर बसलेला नाही. आणि शेवटचं. पंधरा वर्षं पडायची सवय लागलेल्या माणसाला ओढायचं कसं जमेल? तुझ्या धंद्याचा मार्ग खाली जातो, या कामाचा पुढं. तेव्हा तात्याला नम्रपणे कळव की शूटिंग आहे. तुमच्यात शूटिंग कधी असतं आणि कधी नसतं हे आम्हाला कुणालाच कळत नाही, त्यामुळं कुणी शंका घेणार नाही. मी काही तुझा मत्सर करत नाही. पण माझ्या कमरेचा दोर सोडून तुझ्या कमरेला बांधताना मला बघायचा नाही. कदाचित यालाच ते म्हणत असतील.

तर मुंबईच्या उन्हात जपून राहावं, उंचावरनं पडण्याआधी खाली काय आहे ते स्वतः वाकून पाहावं, दुसऱ्याच्या सांगण्यावर जाऊ नये. लहानथोरांस यथायोग्य. लेखनमर्यादा एस.टी.च्या पाटीएवढीच असते, ती मी केव्हाच ओलांडली.

तुझा थोरला भाऊ,
मच्छिंद्र

ता. क. पत्र पाकिटात घालत होतो तेवढ्यात लंकाबाई आली आणि वाचून दाखवा म्हणाली. मी मधली पानं गाळून वाचलं, पण ती चाळणीतून पीठ बघणारी बाई आहे. म्हणाली, "एवढुसं वाचायला दिसभर लिवत हुता व्हय?" तिनं सांगितलं ते तसंच लिहितो, कारण ती समोर उभी आहे: "कानिफ भावजी, यांचं काय आईकू नगा. तुमी या. आन हेबी लिवा, की गाडीवरनं पडल्यापसनं यांची कंबर धरलीय, आन बैठकीवरनं आल्यापसनं तर यांना आपल्या आपन उटून बसता येत न्हाई. मी बसवती, मी निजवती." हे मी लिहिणार नव्हतो. संगमनेरकडचा एक हाड बसवणारा पाहुणा आला होता, त्यानं कंबर दाबून पाहिली आणि दोन महिने म्हणाला. यात्रेला पंचवीस दिवस आहेत. बाहेर आम्ही सांगतो की अण्णा यंदा लवकर नेमाला बसलेत, म्हणून घराबाहेर पडत नाहीत. लोक दाराशी येऊन नमस्कार करून जातात. छगनसुद्धा करून गेला. मी अंथरुणावरून हात वर करतो तेवढा.

ता. क. दुसरा. (लंकाबाई शेळीला बघायला गेली आहे, तेवढ्यात लिहितो.) एक युक्ती सुचली, ती कुणाला सांगू नकोस. तू तिकडं हिरोचा डुप्लिकेट असतोस ना? त्याचा सदरा घालून, पाठमोरा होऊन, त्याच्या वाट्याच्या उड्या तू मारतोस आणि शिट्टी त्याला पडते. तसंच आपल्याला करता येईल. यात्रेच्या आदल्या दिवशी दौंडला गाडीतून उतर, तिथून अंधार पडल्यावर शेताच्या वाटेनं घरी ये. सकाळी माझा फेटा, माझं धोतर. हळद एवढी लावू की आईनं ओळखलं नसतं. आपली उंची सारखी, मानकरी तर वाकलेलाच असतो आणि माणसं सगळी मागं गाडीत, त्यांना दिसणार नुसती पाठ. पहिल्या गाडीचं जू सरळ धरायला लंकाबाईच्या माहेरचे दोघं उभे करू, ते तिच्यापुढं तोंड उघडत नाहीत. देवळात पोचलास की मागल्या दारानं आत. पुढं मी घोंगडीवर बसून तात्याचा नमस्कार घेईन. यंदा एक वर्ष निभावलं तर पुढच्या वर्षी माझा मी बघून घेईन. तू असलं काम हिरोसाठी करतोस, भावासाठी करशीलच.

ता. क. तिसरा आणि शेवटचा. पोस्टमन उद्या येणार म्हणून पाकीट राहिलं आणि आज सकाळी मी सगळं पुन्हा वाचलं. दुसरा ता. क. खोडणार होतो, पण खाडाखोड केलेलं पत्र टपालात घालू नये म्हणतात, म्हणून राहू दिला. तू तो वाचलास असं समज आणि विसर. तुला एक गोष्ट सांगायची राहिली. सिनेमात तो हिरो पुलावरून धावत्या मालगाडीवर उडी मारतो, तेव्हा तंबू नुसता पेटला. टोप्या उडाल्या, छगन बाकावर चढला. तिथं छगनला तू दिसला नाहीस, वाडीत कुणालाच दिसला नाहीस. मला दिसलास. ती पाठ मी ओढ्यातून खांद्यावर वागवलेली आहे, तिचं उजवं पातं डाव्याहून वर आहे. मला उठून ओरडावंसं वाटलं की अरे, हा तो नव्हे, हा माझा कानिफ आहे. पण मी नुसतं फेट्याच्या शेमल्यानं डोळे पुसत राहिलो. लंकाबाईनं विचारलं तेव्हा मी मिरचीचा धूर म्हणालो, आणि मिरच्या तर दुसऱ्या दिवशी जाळल्या.

पंधरा वर्षं तू दुसऱ्याचा सदरा घालून पाठ दाखवतोस. आता घरी यायचं तर त्यात माझं धोतर कशाला? तात्याला उलटटपाली हो म्हणून कळव. शूटिंगबिटिंग काही लिहू नकोस. दिवसाढवळ्या एस.टी.नं ये, वेशीत उतर, तुझ्या नावानं हळद लावून घे. देवळाच्या अलीकडं लिंबाखाली क्षणभर थांबायची रीत आहे. तिथं मागं वळून माणसांना तोंड दाखव, पुरेसं दाखव. दोर मी बांधीन, चाकांच्या आसांना वंगण मी घालीन, ते काम तुला येत नाही.

मी पहिल्या गाडीत बसणार आहे. निवांत नव्हे, नुसता बसणार आहे. आणि एक आधीच सांगून ठेवतो, म्हणजे मागाहून तक्रार नको. लंकाबाई त्या दिवशी पुरण घालणार आहे, आणि मी ओझं हलकं करणाऱ्यांतला नाही. पोटभर जेवून बसेन.